भागामावशीचं बारामती दर्शन

हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. बायकोला नाही, स्टँडवरच्या मित्रांना नाही. एकदा एका लग्नात जरा जास्त झाली होती तेव्हा ओठांवर आलं होतं, तेही गिळलं. मग तुम्हाला का सांगतोय? तुम्ही मला ओळखत नाही, हे एक. आणि भागामावशी या उन्हाळ्यात वारली, हे दुसरं. ती होती तोवर तोंड उघडलं नाही आणि आता उघडतोय. यावरूनच माझी लायकी ओळखा.

मी बारामतीत रिक्षा चालवतो. मूळ गाव कऱ्हाटी. पण पोट इथं, एका दवाखान्यासमोरच्या स्टँडवर. दवाखान्यात पेशंट आत असतो आणि खेड्यातून आलेली माणसं बाहेर, दिवस-दिवस. पायरीवर बसायचं, चहा प्यायचा, पुन्हा पायरीवर बसायचं. त्यांच्याकडे बघून मला एक कल्पना सुचली. रिक्षाच्या मागच्या काचेवर मी अक्षरं रंगवून घेतली — ‘बारामती दर्शन, दीड तासात’. भाडं अगदी परवडेल असं, आणि तेही माणसामागं नाही, अख्ख्या रिक्षाचं. तीन हत्ती चौक, काशीविश्वेश्वराचं देऊळ, कऱ्हा नदी, कापडाची दुकानं, कालव्याच्या कडेनं एक चक्कर आणि शेवटी विमानतळाच्या कुंपणाशी. तिथं शिकाऊ पोरं लहान विमानं उडवतात. आयुष्यभर विमान फक्त डोक्यावरून जाताना बघितलेली माणसं ते जमिनीवर टेकताना बघून हरखून जातात. स्टँडवरचे मला ‘गाईडसाहेब’ म्हणून चिडवायचे. मला ते आवडायचं, खोटं कशाला बोलू?

नऊ वर्षं झाली त्या दिवसाला. सकाळचे अकरा वाजले असतील. तात्या माझ्याकडे आले. तात्या म्हणजे इंदापूर तालुक्यातल्या एका गावचे बागायतदार. माझी त्यांची जुनी ओळख होती. गावातलं कुणी बारामतीला आलं की ते माझाच नंबर द्यायचे. त्यांच्या पुतण्याची बायको, लता, आत अॅडमिट होती. आठ दिवस घरीच तापानं फणफणली होती. घरात पाहुणे, शेतात उसाची लागण — आज नेऊ, उद्या नेऊ करत शेवटी आणली ती शुद्ध हरपल्यावर. हे मला नंतर कळलं. त्या वेळी तात्या एवढंच म्हणाले, “पोरीची आई हाय. दोन दिस जागीच हाय, सारखी रडती, डॉक्टरला बी काम करू दीना. तिला जरा गाव दाखवून आण.”

ती आई म्हणजे भागामावशी. आमच्या जिरायत भागातलीच, कऱ्हाटीपासून पुढं दोन गावं. आमच्याकडे पाण्याची बोंब, म्हणून लेक बागायतात द्यायची धडपड असते. मावशीनंही तेच केलं होतं. नवरा कधीच गेलेला, लेक एकच. रिक्षात बसताना ती ऐकेना, “पोरीला सोडून म्या फिरायला कशी जाऊ?” म्हणाली. मीच तिला समजावलं. म्हटलं, “तुमी हितं बसून काय व्हणार? ती झोपलीय. उठंस्तवर येऊ आपण.” तोपर्यंत मी खरंच बोलत होतो. निदान मला जेवढं माहीत होतं, तेवढं खरं होतं.

आणि ती रमली. हे सांगायला मला जड जातं, पण ती रमली. मी कऱ्हाटीचा आहे हे कळल्यावर तर विचारूच नका — कुणाचा, कुठल्या आळीतला, आईचं माहेर कुठलं, सगळं विचारून झालं. शेवटी नात्याचा एक लांबचा धागा तिनं शोधून काढलाच, आणि मी एकदम तिचा भाचा झालो. तीन हत्ती चौकात तिनं हत्तींना हात जोडले. ते नुसते पुतळे आहेत म्हणालो, तर म्हणाली, “असू दी की. हत्ती त्यो हत्ती.” देवळात लतासाठी नारळ फोडला. अर्धी कवड माझ्या हातावर ठेवली. इतकं मन लावून माझं गाव बघणारं गिऱ्हाईक मला त्याआधी मिळालं नव्हतं, नंतरही नाही. मीही रंगात आलो होतो. नसलेला इतिहास सांगत होतो, आणि ती “व्हय का? अगं बया!” करत होती.

फोन आला तेव्हा आम्ही नदीशी होतो. मावशी पायरीवर बसून पाय धूत होती. तात्यांचा आवाज अगदी सपाट होता. “पोरगी गेली,” ते म्हणाले. “म्हातारीला काय बोलू नको. ती आली तर हितं तमाशा करंल. पोलिसात जाती म्हणून कालच वरडत व्हती. तासभर फिरव अजून. आमी घिऊन फुडं निघतो.”

आणि मी म्हणालो, “व्हय.”

एवढंच. एक शब्द. त्यांनी मला धमकावलं नव्हतं, जादा पैसे कबूल केले नव्हते. मी का म्हणालो? नऊ वर्षं स्वतःला हाच प्रश्न विचारतोय, आणि दर वेळी एकच उत्तर येतं. “तुमची लेक गेली” हे शब्द त्या बाईच्या तोंडाकडे बघून मला बोलायचे नव्हते. मला अवघडल्यासारखं व्हायला नको होतं. तिचं काय होईल हा विचार तर नंतर आला. आधी माझाच आला. तिनं पदरानं पाय पुसले आणि विचारलं, “कुणाचा रं फोन?” मी म्हणालो, “गिऱ्हाईकाचा.”

मग मी तिला कापडाच्या दुकानाशी नेलं. खरं म्हणजे तिला परत जायचं होतं, पण मी थाप मारली, “आता भेटू देत न्हाईत मावशी, चारला सोडत्यात.” शहरातल्या माणसाला ठाऊक असणार असं तिला वाटलं. मग म्हणाली, तोवर लतीला एक साडी घेऊ. बरी होऊन माहेरपणाला आली की नेसेल. कमरेची पिशवी सोडून तिनं दुकानात तासभर घोळ घातला. तिच्या मनात अबोली रंग भरला होता. लताला हिरवं मुळीच आवडत नाही, हिरव्यात म्हातारी दिसते म्हणते, असंही तिनं मला सांगितलं.

तुम्हाला माहीत असेलच — सवाष्ण गेली तर तिच्या अंगावर माहेरची साडी घालतात. हिरवी. माहेरचं माणूस ती साडी घेऊन आल्याशिवाय आमच्याकडे तिरडी उचलत नाहीत. मला ते माहीत होतं, मावशीलाही माहीत होतं. फरक एवढाच की ती साडी कशासाठी घ्यायची हे त्या दुकानात फक्त मला ठाऊक होतं.

मी म्हणालो, “हिरवीच घ्या, मावशी. शुभ असतंय.”

त्या क्षणी मला वाटलं, आपण तिचं भलंच करतोय. निदान साडी तरी बरोबर असेल! बघा, माणूस स्वतःला कसा फसवतो. तिनं थोडा वेळ अबोली साडी मांडीवर ठेवली, मग दुमडून परत दिली. “भाच्याचं ऐकती,” म्हणाली. हिरवी बांधून घेतली.

त्यानंतर मी तिला विमानतळावर नेलं. दोन विमानं उतरली. दुसरं उतरताना तिनं माझा हात धरला होता. लताला दाखवायला आणायचं ठरलं, आणि रिक्षा माझीच, हेही ठरलं. मी मान डोलवत होतो.

दोनच्या सुमारास ती ऐकेचना. भेटू देत नाहीत तर नाही, पायरीवर बसते म्हणाली. मी तिला दवाखान्याशी सोडलं. तिथून मी निघून जायला हवं होतं, किंवा तिच्याबरोबर आत जायला हवं होतं. मी यातलं काहीच केलं नाही. हँडल धरून बसून राहिलो. आत झाडू मारणाऱ्या बाईनं तिला सांगितलं, तुमचा पेशंट वारला, तासाभरापूर्वी गावाला नेला. ती किंचाळली असती तर बरं झालं असतं. ती हळूहळू चालत बाहेर आली आणि माझ्याच रिक्षाशी आली, कारण त्या अख्ख्या बारामतीत तिच्या ओळखीचा मी एकटा होतो.

रिक्षात बसली. पिशवीतून साडी काढून बघितली. मग माझ्याकडे बघितलं.

“तुला ठावं व्हतं,” ती म्हणाली.

मी म्हणालो, “न्हाय, मावशी.”

तिनं वाद घातला नाही. फक्त म्हणाली, “मला तितं सोड. अजून अग्नी दिला नसंल. चल लवकर.” आणि मी — मी तिला सांगितलं की रिक्षाला इंदापूरकडं जायला परवानगी नाही. त्या गावात मी दहा वेळा भाडं घेऊन गेलो होतो. पण तिला घेऊन तात्यांच्या दारात उतरायची माझी छाती झाली नाही. मी तिला एसटी स्टँडवर नेलं, इंदापूरची गाडी दाखवली, कंडक्टरला सांगितलं की आजींना उतरवून द्या. मोठा उपकारच केला म्हणायचा.

पुढचं तात्यांकडूनच कळलं, महिन्याभरानं, सहज बोलता बोलता. एका चुलतसासूनं इंदापुरातून साडी आणली, तीच माहेरची म्हणून नेसवली. चारला अग्नी दिला. मावशीला इंदापुरात पुढची गाडी मिळायला वेळ लागला. ती पोचली तेव्हा दिवेलागण झाली होती. लेकीचं तोंड तिला दिसलं नाही. तिनं तमाशा केला नाही, पोलिसात गेली नाही. कशाच्या आधारावर जाणार? राखेशी बसून राहिली, असं तात्या म्हणाले, आणि मला चहा पाजला. मी तो प्यालो.

त्यानंतर ती मला दोनदा दिसली, दोन्ही वेळा एसटी स्टँडवर. मी रिक्षा वळवली. काचेवरची अक्षरं मात्र मी खरवडून काढली नाहीत. मी अजूनही लोकांना फिरवतो. त्या दिवसानंतर मी कामच सोडलं असं सांगता आलं असतं तर ऐकायला बरं वाटलं असतं, पण तसं झालेलं नाही.

इथवर जे सांगितलं त्यातलं बरंचसं मावशीला साडी बघूनच कळलं होतं. मी थापा मारल्या, आडवाटेनं फिरवलं, हे ती जाणून गेली. जे तिला कधीच कळलं नाही ते वेगळंच आहे. तेच सांगायला बसलो होतो, आणि बघा, शेवटपर्यंत टाळलं.

कापडाच्या दुकानातून विमानतळाकडं जाताना मी दवाखान्यावरून गेलो. दुसरा रस्ता होता. रोजची सवय, हात आपोआप त्याच रस्त्याला वळले. लांबूनच मला दिसलं — फाटकाच्या आत अॅम्ब्युलन्स उभी, मागची दारं उघडी, तात्या, तीन-चार माणसं, आणि पांढऱ्या चादरीत गुंडाळलेली ती. अजून आत चढवलीही नव्हती. अंतर किती? हाक मारली असती तर ऐकू गेली असती. मावशी डाव्या बाजूला बसली होती, फाटकही डावीकडंच येणार होतं. सगळं होतं तिथं. लेक होती, आई होती, मांडीवर हिरवी साडी होती. मी नुसती रिक्षा थांबवली असती तरी पुरे होतं, तोंडातून शब्दही काढावा लागला नसता.

मी रिक्षा थांबवलीच. फाटकाच्या बऱ्याच अलीकडे, कडेला घेऊन. खाली उतरलो, डाव्या बाजूचा गुंडाळलेला रेक्झिनचा पडदा सोडला, खालपर्यंत ओढला आणि त्याचे दोन्ही बंद नीट बांधले. घाईत नाही. गाठी मारून. मावशीनं विचारलं, “काय रं?” मी म्हणालो, “ऊन लागतंय तुमाला.”

“लई जपतोस रं मला,” ती म्हणाली.

ऊन उजव्या बाजूला होतं.