तातेरावाचं माळवद

माझे दाजी तातेराव यांच्याइतका स्वतःच्या घराला घाबरणारा माणूस मी दुसरा पाहिला नाही. भुताखेताला किंवा चोराला नव्हे. घर गळेल म्हणून. त्यांचा बाप कपाशीच्या पऱ्हाट्यांच्या झोपडीत राहिला, ती दर पावसाळ्यात गळायची, आणि थोरला भाऊ लहानपणी त्या ओलीतच ताप येऊन गेला. तेवढ्यासाठी मी त्यांना माफ करायला तयार आहे. पुढच्यासाठी नाही.

बदनापूरजवळ ते रेल्वेत गँगमन होते. आठ-नऊ वर्षं पोटाला चिमटा घेऊन त्यांनी गावच्या बौद्धवाड्यातलं पहिलं माळवद, सपाट मातीच्या छताचं घर, बांधलं: कडुलिंबाच्या तुळया, वर दांड्या, त्यावर पऱ्हाट्या आणि सगळ्यांवर पांढरी माती. माझी बहीण केशर तीन लेकरांना घेऊन आत शिरली तेव्हा दाजी उंबऱ्यावर बसून रडले. तो आनंद मी पाहिलाय, नाकारत नाही.

माळवदावर दर उन्हाळ्याच्या शेवटी मातीचा नवा थर देतात. पण आधी जुनी माती खरवडून खाली टाकतात, हे शेंबड्या पोरालाही कळतं. दाजींनाही कळत होतं. पण जुनी काढायची म्हणजे छत दोन दिवस उघडं पडणार, आणि नेमकं त्याच दोन दिवसांत आभाळ आलं तर? म्हणून काढणं नाहीच, नुसतं टाकणं. बहात्तरच्या दुष्काळात सगळा गाव खडी फोडायला गेला होता, आभाळात नखभर ढग नव्हता, आणि हा शहाणा कामावरून आला की मातीच्या पाट्या शिडीवरून वर नेत होता. गाडीखाली रुळाचा स्लीपर किती दबला ते ज्याला नुसत्या पायानं कळायचं, त्याला डोक्यावरचं ओझं कळू नये? छत दीड हात जाड झालं. वर गवत माजलं, शेजाऱ्याची शेळी चरायला चढू लागली, आणि हे मात्र पाहुण्यांना ती कौतुकानं दाखवायचे.

"तुळई वाकून राह्यली," केशर म्हणायची. "जुनी माती काढा."

"एक थेंब तरी गळाला का आजवर?"

गळाला नव्हता, हे खरं. तुळई मीही पाहिली होती. पण बहिणीच्या नवऱ्याला कोण शिकवणार, म्हणून गप्प बसलो. त्याची मला आजही लाज वाटते.

पुढच्या साली भादव्यात झड लागली. मी बहिणीकडं आल्तो तो तिथंच अडकलो. तीन दिवसांत वाड्यातली बाकीची सगळी घरं गळू लागली, तसे दाजी ताठले. शेजारच्या सोनूबाईला हाताला धरून घेऊन आले. "इथं बसा, मावशी. बिलकुल कोरडं हाय." म्हातारी बिचारी कौतुक करकरून दमली, तरी यांचं समाधान होईना.

चौथ्या दिवशी सकाळी केशर दार लावायला गेली, तर ते चौकटीत बसेना. रात्री तेच दार सहज लागलं होतं. तिनं वर चौकटीवर टेकलेल्या तुळईकडं पाहिलं आणि नवऱ्याला काही विचारलं नाही. धाकटीला कडेवर घेतलं, दोघा पोरांना बाहेर ढकललं, सोनूबाईचा दंड धरला.

"कुठं निघाली?"

"भाईर."

"पावसात? लेकरं मारती का?"

"भिजू द्या."

मी मागोमाग निघालो. दाजी रुसल्या नवरदेवासारखे आतच बसून राहिले. समोरच्या बाभळीखाली आम्ही गोणपाटाच्या खोळी घेऊन उभे होतो. तेवढ्यात धाकटी शिंकली. ती शिंक बरोबर दाजींच्या कानावर गेली. लेकरू भिजलं की संपलं, एवढं एकच त्यांच्या डोक्यात होतं. घोंगडं घेऊन ते तरातरा बाहेर आले, पोरीला आत न्यायला. ते बाभळीपाशी पोचले आणि मागं छत बसलं. फार मोठा आवाज झाला नाही. भर पावसात घरातून धूळ तेवढी उठली.

वाटलं, आता तरी हा माणूस कपाळावर हात मारील. कसलं काय. दाजी ढिगाऱ्याकडं गेले, आत हात घातला, खालची मूठभर माती काढून केशरपुढं धरली.

"बघ," ते म्हणाले, "कोरडी हाय."

माती खरंच कोरडी होती.

केशरनं त्यांच्या खांद्यावरचं घोंगडं काढलं आणि धाकटीभोवती गुंडाळलं. "हिच्याखाली माझी तीन लेकरं निजली होती राती," ती म्हणाली.

दाजींनी आधी लेकरांकडं पाहिलं, मग त्या ढिगाऱ्याकडं. तेव्हा कुठं ते चिखलात मटकन खाली बसले.