पावण्यांनी बघितलं तर

पूर ओसरल्यावर पंचगंगेकाठच्या गल्लीत कॅमेरा घेऊन शिरलो, तेव्हा वाटलं, आपण अजून झोपेतच आहोत. घरं, सायकली, देव्हारे, सगळं एकाच मातकट रंगाचं. आवाज फक्त खराट्यांचा. आमची राजारामपुरी उंचावर, ती कोरडी राहिली. घरात बसवेना, म्हणून शूटिंगला निघालो होतो.

एरवी मी लग्नं शूट करतो. जित्याची खोड! गाळ उपसणाऱ्या एका काकूंना चक्क म्हणालो, "जरा इकडं बघून हसा."

त्या बघतच राहिल्या. मी जीभ चावली.

त्यांच्या गच्चीपासून समोरच्या खांबापर्यंत दोरी बांधलेली, आणि दोरीवर लेकीच्या बस्त्यातल्या साड्या धुऊन वाळत घातलेल्या. त्यांतून ऊन झिरपत होतं. खाली चिखलावर कुठं हिरवं, कुठं जांभळं काहीतरी संथ हलत होतं. लेक गुडघाभर गाळात उभी होती आणि तिच्या गालावर गुलाबी उजेड पडला होता. इतकं सुंदर मी कुठल्याच लग्नात टिपलं नव्हतं.

"पावणं, बंद करा त्ये," काकू म्हणाल्या. "पावण्यांनी बघितलं तर?"

आमच्याकडं अनोळखी माणूसही पावणं आणि सोयरेही पावणंच, त्यामुळं मला उमगायला जरा वेळ लागला. पोरीचं लग्न शाहूवाडीकडं ठरलं होतं. घराची ही दशा मोबाइलवरून तिकडं पोचली आणि सोयरीक मोडली तर? मला फार वाईट वाटलं, आणि ते दृश्यही सोडवेना. शेवटी कॅमेरा बंद केला.

तेवढ्यात गल्लीच्या तोंडाशी टेम्पो थांबला. खोरी, बादल्या घेऊन माणसं उतरू लागली.

"अगं बया, पावणंच आलं की!" म्हणत काकू दाराआड लपायला धावल्या. दार वाहून गेलंय हे त्या विसरल्याच होत्या. नुसत्या चौकटीत उभ्या राहिल्या.

मुलाच्या आईनं पदर खोचला, डबा उघडला आणि कागदावर पोहे काढून पोरीपुढं धरले.

"बघायला आलतो तवा तू दिलंतंस. आता माझ्या हातचं खा, मग लागूया कामाला."

पोरीनं चिखलाचे हात मागं घेतले. तेव्हा त्या बाईंनी स्वतःच तिला घास भरवला.

मी बंद कॅमेरा हातात धरून बघत होतो. चौकटीतून काकू डोळे पुसत माझ्यावर खेकसल्या, "बघत काय बसलाय पावणं? काढा की आता!"