हत्ती उडवतो, तयारीत राहा

हुबळीच्या बाजारात गणपतराव वाळवेकरांचं छत्र्यांचं दुकान होतं. छत्रीच्या धंद्यात माणसाला चार महिने श्वास घ्यायला फुरसत नसते आणि उरलेले आठ महिने श्वास घेण्यापलीकडे काही काम नसतं. ते आठ महिने गणपतराव बुद्धिबळं खेळत. गादीवर पट कायमचा मांडलेला. चुकून गिऱ्हाईक आलंच तर मान वर न करता म्हणत, "काळी पाहिजे ना? सगळ्या काळ्याच आहेत. बघा आणि घ्या."

पाच-सात वर्षांत त्यांनी बाजारातले गुळाचे व्यापारी हरवले, शिंपी हरवले, रेल्वेचे दोन कारकून तर इतके हरवले की त्यांनी बदली मागून घेतली. तेव्हा कुठे, १९३६ साली, गणपतराव धारवाडला गणेशोत्सवातल्या सामन्यांना गेले आणि सरळ अंतिम डावापर्यंत पोचले. समोर होते जयतीर्थ वकील. गोरे, गोल, आणि विचार करताना कानडी पदं गुणगुणणारे.

काळी मोहरी घेतलेल्या वकिलांनी आपल्या पहिल्याच चालीला वजिरापुढचं प्यादं दोन घरं सारलं. गणपतरावांनी ते शांतपणे उचलून एक घर मागे ठेवलं. वकिलांनी परत पुढे नेलं. गणपतरावांनी परत मागे आणलं.

"बोट घसरतंय तुमचं, वकीलसाहेब."

"घसरत नाही हो. हा नवा नियम. सगळ्या जगात प्यादं पहिल्यांदा दोन घरं जातं."

"जगात जात असेल. हे धारवाड आहे."

सातव्यांदा ओढाओढ झाली तेव्हा प्यादं उडालं आणि पंचांच्या कॉफीत पडलं. पंच होते बाळाचार्य, निवृत्त संस्कृत शिक्षक. त्यांनी प्यादं बाहेर काढलं, उपरण्याला पुसलं आणि निकाल दिला.

"दोघांनी आपापल्या नियमानं खेळा. वकिलांची प्यादी दोन घरं जातील. वाळवेकरांचा राजा जुन्या रीतीप्रमाणे एकदा, फक्त एकदाच, घोड्यासारखी उडी मारेल. आणि हा डाव टपालानं खेळा. माझ्यासमोर नको."

अशी हुबळी ते धारवाड कार्डं सुरू झाली. आगगाडीनं तासाभराची वाट, पण चालीला चालीचं उत्तर यायला महिना लागे, कारण दोघंही रागानं विचार करत. कार्ड उघडं असल्यामुळे, गणपतराव राहत त्या केशवापुरातला पोस्टमन पांडुरंग ते वाटेतच वाचून घेई. मग गणपतरावांच्या घरी पोचेपर्यंत चाल सगळ्या आळीला कळलेली असे.

"अहो," त्यांच्या पत्नी रुक्मिणीबाई आतून सांगत, "शेजारच्या सखूबाई म्हणतात, उंट हलवू नका."

"सखूबाईंना उंट कसा चालतो ते तरी ठाऊक आहे का?"

"नाही. पण त्या म्हणतात, हलवू नका."

गणपतरावांनी उंट हलवला आणि तो मेला. त्या दिवसापासून आळीत सखूबाईंचं वजन वाढलं.

असा डाव सहा वर्षं चालला. १९४२ चा ऑक्टोबर उजाडला. देशभर चळवळ पेटली होती, कुठे तारा तुटत होत्या, कुठे रूळ उखडले जात होते, आणि सरकार प्रत्येक कागद उलटसुलट करून बघत होतं. गणपतरावांना यातलं फारसं काही दिसत नव्हतं. त्यांना पटावर जिंकण्याची वाट दिसली होती. त्यांनी लगेच कार्ड लिहिलं : 'राजाला घेरलं आहे. शुक्रवारपर्यंत हत्ती उडवतो. तयारीत राहा.'

गुरुवारी सकाळी फौजदार चार शिपायांसह दारात उभे राहिले.

"एन्री इदु?" कार्ड नाचवत फौजदारांनी विचारलं. "काय आहे हे? याव राजा? कुठला राजा घेरलाय?"

"काळा," गणपतराव म्हणाले.

फौजदारांनी ते वहीत लिहून घेतलं. "आणि हत्ती म्हणजे? पूल की स्टेशन?"

"हत्ती म्हणजे हत्ती. कोपऱ्यात असतो."

"कुठल्या कोपऱ्यात?"

"उजव्या."

हेही वहीत गेलं. रुक्मिणीबाईंनी पुढे येऊन, हे गृहस्थ छत्रीचा खटका दाबतानासुद्धा डोळे मिटून घेतात, ते काय उडवणार, असं शपथेवर सांगितलं. उपयोग झाला नाही. गणपतरावांना ठाण्यात नेलं. दुपारच्या गाडीनं धारवाडहून जयतीर्थ वकिलांनाही आणलं. सहा वर्षांनी दोघं समोरासमोर आले. गणपतरावांना वकील बरेच वाळलेले दिसले, आणि उगीचच वाईट वाटलं.

"खेळच आहे ना?" फौजदार म्हणाले. "मग दाखवा." जप्त केलेली सगळी कार्डं त्यांनी टेबलावर ओतली. पट मागवला. दोघांनी डाव जसाच्या तसा मांडला. वकिलांनी चष्मा पुसला, एक पद गुणगुणलं, आणि शह दिला.

गणपतरावांनी राजा उचलला आणि घोड्यासारखी उडी मारून कडेला नेला.

"ही उडी चालणार नाही!" वकील खुर्चीवरून उठले. "तुमची उडी होऊन गेली आहे!"

"केव्हा?"

"एकोणचाळीस साली! संक्रांतीला!"

"ते कार्ड मी दुसऱ्या दिवशी रद्द केलं होतं!"

"तिळगूळ पाठवलात, रद्द केल्याचं लिहिलं नाहीत!"

"तुम्ही तिळगूळ खाल्लात ना? मग झालं रद्द!"

गणपतरावांचा आवाज असा चढलेला त्यांनी स्वतःसुद्धा कधी ऐकला नव्हता. शिपाई दारात गोळा झाले. निम्मे वकिलांच्या बाजूनं, निम्मे गणपतरावांच्या. कोठडीतला एक कैदी ओरडला, "अण्णा, घोडा मधे घाला!" फौजदारांनी दोन्ही हातांनी डोकं धरलं.

"पुरे! कट करणारी माणसं इतकी भांडली असती तर सरकारला काही काम उरलं नसतं. होग्री, जा दोघंही!"

बाहेर निम्मं केशवापूर जमलं होतं. पोस्टमन पांडुरंगानं बातमी वाटेतच वाटली होती. कुणीतरी झेंडूचा हार गणपतरावांच्या गळ्यात घातला. "बोला, गणपतराव, बोला!"

"मी काही केलं नाही हो," गणपतराव रडकुंडीला येऊन म्हणाले. "मी फक्त राजाला घेरलं होतं."

यावर जो जयजयकार झाला, तो ऐकून फौजदारांनी खिडकी लावून घेतली. सखूबाईंनी दोघांना ओवाळलं.

त्या संध्याकाळी जयतीर्थ वकील केशवापुरात जेवायला थांबले. कार्डं ठाण्यातच राहिली होती, आणि डाव आठवून मांडायला बसले तेव्हा दोघांनाही आपणच जिंकत असल्याचं स्पष्ट आठवत होतं. रुक्मिणीबाई वाढता वाढता म्हणाल्या, "अहो, मग दोघंही जिंकलात. भात घ्या." एवढी सोपी गोष्ट सहा वर्षांत कुणाला सुचली नव्हती.

पुढे महिन्याच्या पहिल्या रविवारी गणपतराव धारवाडला जाऊ लागले. तिथे ते विलायती नियमानं हरत, आणि पुढच्या रविवारी हुबळीत वकील देशी नियमानं हरत. १९४७ च्या गणेशोत्सवात धारवाडच्या सामन्यांत गणपतरावांचा तिसरा नंबर आला. खेळणारे चौघेच होते आणि चौथ्याला ताप भरला होता, पण प्रशस्तिपत्रावर तसं काही छापलेलं नव्हतं. रुक्मिणीबाईंनी ते चौकटीत बसवून ओसरीवर लावलं, दारातून येणाऱ्याला पहिलं तेच दिसेल असं.