लखमाने सांगितलेला सिनेमा

वैशाखऱ्याच्या वरच्या वाडीत पहिला व्हिडिओ आला तो त्र्याण्णव साली, एका हळदीला, भर दुपारी. मुरबाडहून भाड्याने आणलेला टीव्ही धाऊच्या घरात मांडला, खिडकीला घोंगडी लावली आणि अख्खी वाडी आत दाटीवाटीने बसली. चित्र झकास दिसत होतं, पण बोलणं सगळं हिंदी.

"ती बाय का रडते रे?" बाईजाआजीने विचारलं.

लखमाने चार वर्षं कसाऱ्याला रेल्वेचं काम केलं होतं. त्याला हिंदी कळायचं. तो टीव्हीशेजारी उभा राहिला आणि वाडीच्या बोलीत सांगू लागला. हिरोच्या आईच्या तोंडी त्याने बाईजाच्याच शिव्या घातल्या, तेव्हा लोक हसून हसून लोळले. तेव्हापासून लखमाशिवाय व्हिडिओ लागत नसे. शेजारच्या वाड्याही त्याला बोलावून नेत.

दहा-अकरा वर्षांनी धाऊच्या हरेशने सीडीचा प्लेअर आणला. आश्रमशाळेत शिकलेल्या पोरांना हिंदी येत होतं.

"काका, गप रहा ना जरा. डायलॉग ऐकू येत नाय."

लखमा टीव्हीपासून हटला. मागे जाऊन बसला, आणि पुढे सिनेमाला येईनासाच झाला.

हरेशच्या बहिणीच्या, अंजूच्या हळदीला मात्र यावंच लागलं. सिनेमा रंगात आला होता. हिरो कड्याला लोंबकळला आणि सीडी अडकली. त्याच्या तोंडाचे चौकोन चौकोन झाले. हरेशने सीडी सदऱ्याला पुसली, फुंकर मारली. पुन्हा चौकोनच.

"लखमा, पुढं काय झालं तं सांग," बाईजा म्हणाली.

"आजी, मी तरी कुठं बघलाय?"

"तवा तरी तुला सगळं कळत होतं काय?"

घर खदखदून हसलं. लखमाही हसला. निम्मं तो मनानेच जोडायचा, हे म्हातारीला तेव्हापासून ठाऊक होतं तर! तो उठला. त्याने हिरोच्या हाती करवंदीची जाळी दिली, आईला कोयता घेऊन घाट चढवला. अंजूला आंघोळीला हाका मारत होते, ती हलेना.

पुढच्या आठवड्यात हरेशने त्याच सिनेमाची दुसरी सीडी आणली. खऱ्या सिनेमात आई कड्यावर आलीच नव्हती. लोकांना ते काही पटलं नाही.

मग हरेशनेच रीत पाडली. शेवट जवळ आला की तो बटण दाबून चित्र थांबवी.

"काका, आता तुमी बोला."

पूर्वी लखमाला हिरोच्या मागे धावत बोलावं लागे. आता हिरो खुशाल थांबून राही, आणि लखमा पाण्याचा घोट घेऊन सावकाश सुरुवात करी.