काळी चारवरचं कुलूप

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही — बायकोलासुद्धा नाही. तुम्हाला सांगतोय, कारण तुम्ही आमच्या जवळा बाजारचे नाहीत.

आमच्या गुरुवारच्या भजनात माझी पेटी आणि थोरल्या वहिनींचा गळा. पेटी दुरुस्त होणार नाही इतकी बिघडली, तेव्हा मी मोबाइलवर तंबोऱ्याचं फुकटचं अ‍ॅप घेतलं. गावात फोनचं काही अडलं की लोक माझ्याकडेच येतात — मग शहाणा मीच, नाही का? अ‍ॅपमध्ये फुकट होती ती फक्त काळी एक, म्हणजे पेटीच्या पहिल्या काळ्या पट्टीचा सूर. वहिनी गायच्या काळी चारमध्ये, आणि तिच्यावर बारकंसं कुलूप. दाबलं, तर किंमत आली आणि अंगठा मागितला. पैसे एकदाच कापणार की दर महिन्याला? खात्यातून आणखी काय जाईल? कळेना. मी घाबरून बंद केलं.

आणि हे कबूल कसं करायचं — मी? सूर नेहमीचाच आहे, असं सांगून काळी एक लावली. पुरुषांचं निभलं. वहिनींना ती पट्टी उंच पडली; त्यांचा आवाज वरच्या सुराला फाटला, तेव्हा चारचौघांत मी म्हणालो, "वहिनी, वय झालं. आवाज गेला तुमचा."

पुढच्या गुरुवारपासून वहिनी टाळ घेऊन मागे बसल्या. वर्षभर. मला बघवत नव्हतं — पण तोंड उघडलं का मी?

शेवटी त्यांनीच आपल्या फोनवर ते अ‍ॅप घेतलं. सातवी शिकलेली बाई. कुलूप दाबून एकेक ओळ लावून वाचली, महिन्याचं सोडून एकदाच पैसे घेणारं निवडलं, अंगठा टेकवला. वर मलाच शिकवलं — "भाऊजी, फोन बदलला तरी सूर आपलाच ऱ्हातो. खातं तेच पायजे. भ्यायचं काहून?" केवढा धीर! मी नवं ऐकल्यासारखी मान डोलावली.

त्या गुरुवारी वहिनी काळी चारमध्ये गायल्या. देवळात टाळ धरणारे हात थांबले. इतका भरलेला आवाज मी जन्मात ऐकला नाही, खरं सांगतो.

भजन संपल्यावर कुणीतरी माझं ते जुनं बोलणं काढलं. वहिनीच मला सावरायला पुढे आल्या. म्हणाल्या, "आवाज कुठं गेला होता? सूर कुलपात होता. भाऊजींना तरी काय ठाऊक?"

मला ठाऊक होतं. पहिल्या गुरुवारपासून.