कण्हेरीच्या वाळक्या फांद्या

लग्न होऊन मी बडनेऱ्याच्या रेल्वे क्वार्टरमध्ये आले, तेव्हा दारापुढे नुसता मुरूम होता. अमरावतीच्या नर्सरीतून गुलाबी कण्हेर आणून लावली. पाण्यावाचूनही ती फुलायची, म्हणून माझा तिच्यावर फार जीव.

शेजारी एक खाला राहायच्या. एकट्याच, गोधड्या शिवायच्या. सलग दुसऱ्या वर्षी पावसानं दगा दिला, त्यानंतरच्या उन्हाळ्यात चांदूर रेल्वेजवळ शेती करणाऱ्या त्यांच्या भावानं आपली बकरी आणि तिचं आठ दिवसांचं करडू त्यांच्याकडे आणून सोडलं. गावात चाराच उरला नव्हता.

त्याच उन्हाळ्यात मी कण्हेर छाटली आणि फांद्या मागच्या भिंतीशी टाकल्या. झाड विषारी, हे मला ठाऊक होतं. पण जनावरं त्याला तोंड लावत नाहीत, असं ऐकलं होतं. ओला पाला बकरी हुंगून सोडते, वाळलेला खाते, हे जनावरांच्या डॉक्टरांनी सांगितलं. तोवर खालांची बकरी त्या फांद्या खाऊन मेली होती.

मी खालांच्या दारात जाऊन उभी राहिले. करडू त्यांच्या मांडीवर होतं.

"खाला, त्या फांद्या मी टाकल्या होत्या."

"मालूम हाय मले. तिथं काहून उभी राहिली? इकडं ये, याचं तोंड धर. दूध नाई घेऊन राहिलं."

ते बाटलीला तोंडच लावेना. दोन दिवस मी बोट दुधात बुडवून चाटवलं. तिसऱ्या दिवशी त्यानं बाटलीचं निपल असं ओढलं की आम्ही दोघी हसलो, आणि मग मला रडूच आलं. खालांनी पदरानं माझं तोंड पुसलं, करडाचंही त्याच पदरानं.

पाऊस पडून चारा उगवला, तसा आषाढात खालांचा भाऊ करडू न्यायला आला. सगळं मीच त्याला सांगितलं. त्यानं करडाच्या पाठीवरून हात फिरवला.

"ताई, पोटात काही असतं तं तिनं तोंड नसतं लावलं. मीच तिले उपाशी आणून सोडली होती."

"मी आजच कण्हेर तोडते," मी म्हणाले.

"काहून?" खाला आतून ओरडल्या. "एवढं फुलून राहिलं झाड! कुंपण घाल त्याले."

भाऊ उठला. त्यानं रुळांपलीकडच्या बाभळीच्या फांद्या तोडून आणल्या आणि कण्हेरीभोवती दाट काटेरी कुंपण रोवलं. मग हात धुऊन, आम्हा दोघींसोबत जेवून, तो करडू काखेत घेऊन स्टेशनकडे निघाला.

"रोज तीनदा पाजा," मी मागून सांगितलं.

"चारदा पाजीन," तो म्हणाला.