भाऊसाठी फिके चॉप

खान्देशातल्या माणसाला तिखट बंद करणं म्हणजे त्याला जिवंतपणी अर्धं उपाशी ठेवणं. माझा थोरला भाऊ धुळ्याचा. शेवभाजीवर तर्री कमी दिसली की ताट पुढे सरकवून ‘ही दवाखान्यातली भाजी कुणी केली?’ असं विचारणारा, भरताबरोबर हिरवी मिरची कचाकचा चावणारा. त्याच्या जबड्याचं कॅन्सरचं ऑपरेशन झालं, मग रेडिएशनचे शेक दिले, आणि तोंड आतून इतकं सोलवटलं की वरणातली मोहरीसुद्धा त्याला निखाऱ्यासारखी लागायला लागली. शेक संपून महिने लोटले तरी ते कमी होईना. दूध, पातळ खिचडी, कुस्करलेलं केळं, एवढ्यावर तो दिवस काढत होता आणि वजन उतरतच होतं.

शेवटी डॉक्टरांनी सांगितलं, पुढच्या तपासणीपर्यंत वजन वाढलं नाही तर नाकातून नळी घालावी लागेल. भाऊने घरी येऊन जाहीर करून टाकलं की नळी घालून घेणार नाही, काय व्हायचं ते होऊ दे. सुंभ जळाला तरी पीळ जात नाही म्हणतात तो असा. वहिनीने मला जळगावला फोन करून हे सांगितलं. हा माणूस हट्टापायी उपाशी मरेल अशी मला खरोखर भीती वाटत होती.

मग एका दुपारी भाऊचाच फोन आला. शब्द जड यायचे त्याचे, पण कळायचे.

“बाई, तुनी ती भुसावळनी शेजारीण शे ना, तिनी फिकी भाजी आज याद उनी.”

मला हसूच फुटलं. माझे यजमान रेल्वेत होते तेव्हा आम्ही भुसावळला क्वार्टरमध्ये राहायचो. शेजारी एक गोव्याकडचं ख्रिस्ती कुटुंब होतं. ती बाई सणावाराला डुकराच्या मांसाचे चॉप करायची, म्हणजे बरगडीच्या हाडासकट कापलेले जाड तुकडे, पांढऱ्या वाईनच्या हलक्या रश्श्यात, गाजर-फरसबी-बटाटे घालून. मसाला म्हणाल तर शपथेला नाही. भाऊ एकदा आमच्याकडे आला असताना तिने ताट पाठवलं. भाऊने त्यात बोट बुडवून विचारलं, “या मटणले कावीळ व्हयनी का?” आणि मग हाडंसुद्धा अशी चाटूनपुसून ठेवली की मला वाटीभर रस्सा मागायला परत तिच्या दारात जावं लागलं.

आता आमच्या भाऊबंदांत डुकराचं नाव काढलं तरी लोक नाकं मुरडतात. मुरडोत. कित्येक महिन्यांनंतर त्या माणसाला काहीतरी खावंसं वाटलं होतं, आणि मला तेवढं पुरे होतं. मी डॉक्टरांना फोन लावला. ते म्हणाले, “तिखट नको, मऊ शिजलेलं असू द्या, आणि वाईन चांगली उकळून जाऊ द्या. घशाखाली उतरेल ते द्या.” शेजारीण अजून भुसावळलाच राहते. तिला विचारलं तर म्हणाली, “रविवारी चर्चच्या मागे ताजं मिळतं, मी घेऊन ठेवते. वाईन तू आण. पिता येईल अशी आण, स्वस्तातली घालू नकोस.”

दारूच्या दुकानात मी जन्मात पाय ठेवला नव्हता. जळगावातल्या आमच्या मेहरूण भागापासून जरा लांबचं दुकान मुद्दाम शोधून काढलं, तर तिथे नेमका आमच्या गल्लीतलाच एक गृहस्थ उभा. त्याने मला बघितलं, मी त्याला बघितलं, आणि आम्ही दोघांनीही एकमेकांना ओळखलं नाही. काउंटरवरच्याला म्हटलं, “पांढरी वाईन द्या, नाशिकची, गोड नको.” तो म्हणाला, “आजी, सोबत काय देऊ, शेंगदाणे?” म्हटलं, “गाजरं आहेत घरी.” त्याने बाटली वर्तमानपत्रात गुंडाळून दिली.

रविवारी भुसावळहून आणलेलं मांस बर्फाच्या डब्यात घालून दुसऱ्या दिवशी सकाळी मी धुळ्याची एसटी पकडली. पारोळ्याला गाडी थांबली तेव्हा डब्यातून पाणी ठिबकलेलं कंडक्टरला दिसलं. “काय आहे मावशी?” “मटण.” “धुळ्यात मटण मिळत नाही का?” मी म्हटलं, “माझ्या भावाला लागतं तसं नाही मिळत.” तो हसला आणि पुढे गेला. मी मात्र बाटली मांडीवर घट्ट धरून बसले.

भाऊच्या घरचा रिवाज सांगायला हवा. वहिनीच्या गळ्यात तुळशीची माळ आहे. लग्न झाल्यावर काही वर्षांनी तिने ती घातली आणि तेव्हापासून मांसमच्छी घरात शिजत नाही. मागच्या अंगणात पत्र्याखाली चूल आहे. मटणाची भांडी वेगळी, ती भिंतीला गोणपाटात टांगलेली असतात. भाऊ स्वतः रांधायचा, स्वतः घासायचा, पोरं तिथेच बसून जेवायची. वहिनी ना त्या भांड्यांना हात लावायची, ना कधी तोंड वाकडं करायची. दोघांचा संसार या दाराच्या आत आणि बाहेर असा नीट वाटलेला होता. माझ्या डब्यात कसलं मटण आहे हे तिला ठाऊक होतं. ती एवढंच म्हणाली, “चूल पेटवी ठेयेल शे, ताई.”

भाऊ खाटेवर बसला होता. त्याच्या गालाला खड्डा पडला होता, पण मी तोंडाने म्हटलं, “दाढी तरी करायची होती, पाहुणी येणार होती तर.” तो हसला आणि खाट चुलीजवळ ओढायला लावली.

मी त्याची लोखंडी कढई खाली काढली. राखेने घासली, लिंबाने घासली, दोनदा पाणी उकळून टाकलं. मग तूप तापवलं, चॉपना मीठ आणि थोडा मैदा चोळून दोन्ही बाजूंनी तांबूस केले, कांदा मऊ केला. वाईन ओतली तेव्हा अंगणात असा काही आंबटगोड वास उठला की भाऊने मान वर केली. वाईन उकळून निम्मी झाली, मग पाणी, तमालपत्र, वर झाकण. मांस हाडावरून सुटायला आलं तेव्हा बटाटे, गाजर, फरसबी. कढई लहान होती, अर्धेच चॉप मावले. उरलेले डब्यात बर्फावरच ठेवले.

मी रस्सा चाखला. तिखटाचा लवलेश नव्हता. इतका फिका प्रकार आपल्या हातून होऊ शकतो याचं मला स्वतःचंच कौतुक वाटलं. रंग जरा काळपट आला होता, पण लोखंडात तसं होतंच.

भाऊने चमच्याने मांस कुस्करलं, रश्श्यात भिजवलं आणि तोंडात घातलं. एक क्षणभर त्याचा चेहरा उजळला. मग डोळ्यांत पाणी आलं. मला वाटलं, जुनी आठवण आली. पण त्याने घास गिळला, ताटली हळूच खाली ठेवली आणि थंड दुधाचा पेला मागितला.

“चांगलं शे,” तो म्हणाला. “पन आते नको.”

मी चिडले. खरंच चिडले. भुसावळपासून धुळ्यापर्यंत डबा कुरवाळत आणला, दारूच्या दुकानात उभी राहिले, आणि हा म्हणतो नको. म्हटलं, “यात तिखट कणभर नाही. मी स्वतः चाखलंय. तुला खायचंच नाही, असं सांग ना सरळ.” दूध तोंडात धरून बसला. त्याचे कान लाल झाले होते, तेही मला तेव्हा दिसले नाहीत.

दारात वहिनी उभी होती. ती बाहेर आली, चुलीपाशी वाकली आणि कढईकडे बघत राहिली.

“ताई, ही कढई आग धरी ठेवस,” ती म्हणाली. “पहिले मी बी तेस्नी खिचडी फोडणीना पातेलामा करू. फोडणी नही, तिखट नही, तरी तेस्नं तोंड जळे. भांडंच तिखट व्हई जास.”

वर्षानुवर्षं त्या कढईत भाऊने मुठीमुठीने लाल मिरची आणि काळा मसाला परतला होता. लोखंडाने तो पिऊन ठेवला होता आणि माझ्या वाईनच्या आंबटपणाने सगळा बाहेर काढला होता. आणि मी कुणाच्या जिभेने चाखलं? आयुष्यभर ठेचा खाल्लेल्या जिभेने. तिला ते तिखट लागणार कसं? आमच्या रोजच्या स्वयंपाकातलं कुठलंही भांडं घेतलं असतं तरी हेच झालं असतं, आणि आमच्या घरातलं कुठलंही माणूस चाखायला बसवलं असतं तरी त्याने हेच सांगितलं असतं. मी भाऊकडे बघितलं. “मला बोलला का नाहीस?” तो दुधाच्या पेल्याआडून म्हणाला, “तू इतली दूरथीन उनी.”

एवढ्या लांबून आलीस म्हणून. मी तोंड फिरवून फुंकणीने उगाच चूल फुंकत बसले.

वहिनी आत गेली. परत आली तेव्हा तिच्या हातात एक जाड बुडाचं, लखलखीत पातेलं होतं. ते मी ओळखलं. देवाच्या नैवेद्याची खीर ती त्यात करते. त्या पातेल्याने कधी कांदा पाहिलेला नाही, मिरची तर दूरच. आजारपणात भाऊची खिचडी ती त्यातच शिजवायला लागली होती, हे मला तेव्हा कळलं. पण खिचडी वेगळी.

“वहिनी, हे नको,” मी म्हटलं. “बाजारातून नवं आणते. आत्ता जाऊन येते.”

“बजारमाथीन येवालोंग तेस्नी भूक मरी जाई,” ती म्हणाली. मग जरा थांबून, पातेल्याच्या काठावरून पदर फिरवत, “देवले दुसरं लई येसूत, ताई.”

देवाला दुसरं आणता येईल. मी पातेलं चुलीवर ठेवायला गेले तर तिने माझा हात धरला. चुलीचे दगडसुद्धा मिरचीने माखलेले आहेत, धुरातूनही लागतं, म्हणाली, आत गॅसवर कर. आणि माझ्या पुढे होऊन तिने देव्हाऱ्याची दारं लोटून घेतली, दिवा तेवढा आत तसाच ठेवला, आणि मला गाजरं चिरून द्यायला बसली. त्या स्वयंपाकघरात मांस शिजण्याची ती पहिली वेळ. तिने एकदाच विचारलं, “हाई दारू बठ्ठी उडी जास ना?” मी म्हटलं, “सगळी उडते.” “मंग चाले.”

दुसऱ्या खेपेचा रस्सा सोनेरी झाला, शेजारणीच्या हातचा व्हायचा तसा. या वेळी मी चाखला नाही. माझ्या जिभेवरचा माझा विश्वास उडाला होता. वहिनीने ताटली नेऊन भाऊपुढे धरली आणि तिथेच जमिनीवर बसली. त्याने भीत भीत चमचाभर घेतलं. थांबला. आणखी एक घेतला. मग मान खाली घालून तो खात राहिला, सावकाश, कुस्करून, मध्ये विसावा घेत, आणि आम्ही दोघी त्याच्या चमच्याकडे बघत बसलो. बटाटा उरला होता तोही त्याने संपवला. “आखो शे का?” त्याने विचारलं, तेव्हा वहिनी उठून आत गेली ती बराच वेळ आलीच नाही. मी आत जाऊन बघितलं. ताटली ओट्यावर ठेवून, पदर तोंडाला लावून ती उभी होती. मी तिला जवळ घेतलं. आम्ही दोघी मनसोक्त रडलो आणि मग मी वाढून नेलं.

मी जळगावला परतले. शेजारीण अधूनमधून मांस घेऊन ठेवायची, मी एसटीने पाठवायचे किंवा घेऊन जायचे. रांधतं कोण, हे मी विचारलं नव्हतं. भाऊच्या हातात आता जोर आला असेल असं धरून चालले होते.

तपासणीला मी मुद्दाम धुळ्याला गेले. भाऊ काट्यावर उभा राहिला, डॉक्टरांनी आकडा बघितला, जुना कागद बघितला, परत आकडा बघितला. नळीचं नावही त्यांनी काढलं नाही. “छान,” ते म्हणाले, “काय खाताय एवढं?”

भाऊ शब्द जुळवत होता. त्याच्याआधी वहिनी बोलली. बाहेरच्या बाकावरच्या सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात, गळ्यातली माळ नीट करत, ती म्हणाली,

“डुकरनं मटण. मी करस.”